ढोल्याची तीन मिनिटं

दि. १८ जून

चि. चिमणीस,

आजीचे पोटभर आशीर्वाद. बोलतेय मी आणि लिहितेय खालच्या मजल्यावरची शिंपीण. म्हणून अक्षर देखणं आहे, आगाऊपणा तेवढा माझा. इथे सगळं ठीक. जिन्यातला दिवा एकदाचा लागला. माझा गुडघा तुझ्या बापासारखा झालाय, कुरकुरतो पण चालतो. ढोल्या मजेत आहे, शेपूट हलवतो.

शिंपिणीने पेन खाली ठेवलंय. म्हणते, "आजी, उसवलेला कपडा मी गिऱ्हाइकाला देत नाही. खरं सांगा, तर लिहीन." फुकटची लेखनिक असली की अशी डोक्यावर बसते बघ.

बरं, लिही बाई. फोनवर सांगायला माझी जीभ रेटली नाही.

तू जाताना दाखवलं होतंस. ढोल्याने स्टुलावर हनुवटी टेकली की ती बोटाने दाबायची टिकटिकी वाजवायची, बिस्किटाचा तुकडा द्यायचा, मग डोळ्यांत औषधाचे थेंब. तीन मिनिटं झाली की बंद. "त्याला अजून हवंसं वाटतंय तेवढ्यात थांबायचं, आजी." मला हसूच आलं. तीन मिनिटांत दूधसुद्धा उतू जात नाही, कुत्रा काय शहाणा होणार? तू आलीस की पठ्ठ्या पुतळ्यासारखा बसलेला दाखवायचा होता मला. तासतासभर बसवलं त्याला. तो जांभया द्यायचा, तोंड फिरवायचा. मी मानगूट धरून पुन्हा स्टुलाशी आणायचे.

पाचव्या दिवशी टिकटिकी वाजली आणि तो पलंगाखाली शिरला. भिंतीकडे तोंड करून बसला. सहा दिवस थेंब पडले नाहीत. आज येईल, उद्या येईल, म्हणत मी कुणाला बोलले नाही. डॉक्टर म्हणाले, डावा डोळा गेला. थेंब चुकले नाहीत तर उजवा वाचेल. आता रोज दवाखान्यात दोघं जण त्याला दाबून धरतात. ओरडतो, पण माझ्याकडे बघत नाही.

पलंगाखाली वाकले तेव्हा मला तू दिसलीस, कपाटामागची. मला अक्षर येत नाही, नातीला तरी यावं, म्हणून शाळेतून आल्या आल्या तुला पुस्तकापुढे बसवायचे ते पार अंधार पडेपर्यंत. तू कपाटामागे लपायचीस. मी सगळ्यांना सांगायचे, पोरीला लपंडाव भारी आवडतो. हल्ली तू येतेस ती खांद्यावरची पिशवीही न उतरवता परत जातेस. तेही मी हसण्यावारी नेलं.

टिकटिकी ट्रंकेच्या तळाशी टाकलीय. आता जिभेनेच टक्क करते. खाली शिंपीण उशीचा एक अभ्रा शिवते, त्याला तीनच मिनिटं लागतात; मशीन थांबलं की मी थांबते. काल त्याने स्टूल हुंगलं. आज हनुवटी टेकली, एका श्वासापुरती. मशीन चालूच होतं, तरी मी उठले. उठवत नव्हतं गं.

रविवारी त्याला बघायला ये. माझ्यावर रागवायला आलीस तरी चालेल. तीनच मिनिटं थांब. दार उघडं ठेवीन, बस म्हणणार नाही.

तुझी,
आजी

खालचा अंगठा माझाच. शिंपीण म्हणाली, नीट उठला नाही, पुन्हा दाबा. मी म्हटलं, राहू दे. एकदाच बास.