एकट्या माणसाचा शॉट

उंब्रज,
मंगळवार, ९ सप्टेंबर

प्रिय ब्राह्मी,

काल तुझे आदगोंडा काका एसटीनं उंब्रजला आले, माझ्या दारात हात जोडून उभे राहिले, आणि तिथून सगळं बदललं. तू बरी असशील. माझा नंबर तू ब्लॉक केलास, म्हणून हे कागदावर.

कॉलेज सोडल्यापासून मी एक शॉर्ट फिल्म करतोय. पलूसच्या मळ्यात एकटा राहणारा माणूस जगण्याचा अर्थ शोधतोय, अशी. कॅमेरा म्हणजे माझा मोबाईल, उजेड फिरवायला थर्माकोल धरून माझा दोस्त धुळा, आणि नट तुझे काका.

"काका, एकटं बसा. विचारात."

"कसला इचार?"

"जगायचं कशासाठी, असला."

"शाळवाचं बी आणायचं हाय, त्यो चालंल का?"

त्यात बांधावरून जाणारा प्रत्येक जण हाक मारणार आणि हे उठून चहाला बोलावणार! एवढा एकटा माणूस एकटा दिसत कसा नाही, हे मला अजून उमगलेलं नाही.

शेवटी जेवणाचा सीन ठरवला. अंधार, कंदील, एक ताट. दिवस मावळल्यावर तुम्हा जैनांत जेवत नाहीत, हे माझ्या डोक्यातच आलं नाही. म्हटलं, नुसता घास उचला. तर म्हणाले, "उचलला की खाल्ल्यासारखंच रं." माझं डोकं फिरलं. "मग मरा एकटेच!" असं ओरडून निघून आलो.

आणि काल क्षमावाणीला, तुमच्या माफी मागायच्या सणाला, तेच माझ्या दारात. "माझ्याकनं तुझं मन दुखलं आसंल तर उत्तम क्षमा, बाळा." मला वाटलं, टोमणा मारतायत. पण हात खाली येईनात. ओरडलो मी, मग माफी यांनी का मागायची? विचारलं तसं हसले. "तू मागशील म्हणून थांबलो आस्तो, तर माझा सणच ऱ्हायला आस्ता."

जाताना म्हणाले, "ब्राह्मी इचारत हुती, त्या तापट डायरेक्टरचं झालं का न्हाई?"

तू विचारलंस? कधी? हसत विचारलंस का रागानं?

मळे काय उंब्रजला नाहीत? एकटी माणसंही आहेत. मी पलूसच का धरलं, हे धुळ्यानं एकदाही विचारलं नाही, कारण त्याला माहीत होतं. मळ्याच्या वाटेवर तुझं घर लागतं.

कॉलेजच्या कॅन्टीनमध्ये भांडताना मी "तुझ्यासारख्या शंभर मिळतील" म्हणालो होतो. एकही मिळाली नाही. शोधलीच नाही.

हे पोस्टात टाकत नाही, घेऊनच येतोय. दारात तुझे पप्पा आले तर त्यांच्याच हातात देईन. तुमच्यात एक दिवस उशिरा माफी मागितलेली चालते का गं?

धुळा खाली गाडी चालू करून शिव्या घालतोय. दार ओढून घेतो.

तुझा (हे खोडणार नाही),
जयराज