पिंजऱ्यातल्या पंचाचे घर

मी, ओंद्रेय मिखाल हाव्रिला, वय वर्षे अडुसष्ट, आधी बास्केटबॉलचा पगारी खेळाडू व नंतर पंच, राहणार पाइन रस्ता, हार्कर्स गॅप, पेनसिल्व्हेनिया, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय स्वहस्ते लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. गावाचे मत वेगळे असेल, पण गावाला कोणी विचारलेले नाही. माझी पत्नी नेस्ता वारली असून आम्हांस मूलबाळ नाही.

कलम १. गावच्या क्रीडा मंडळाला माझी शिट्टी काचेच्या कपाटात ठेवायची आहे. ती देऊ नये, भट्टीत टाकावी. ती वाजली की हेच लोक काय करायचे, ते मला ठाऊक आहे. तेव्हा खेळ मैदानाभोवती उभारलेल्या तारेच्या पिंजऱ्यात चालायचा. रविवारी चर्चमध्ये पुढच्या बाकावर बसणाऱ्या बायका शनिवारी जाळीतून टोपीच्या पिना आमच्या मांड्यांत खुपसायच्या. त्यांचे नवरे खाणीतल्या दिव्यावर तापवलेले खिळे फेकायचे. हल्लीचे खेळाडू गुळगुळीत फरशीवर खेळतात आणि कोपर लागले की पंचाकडे बघून ओठ काढतात. त्यांच्यासाठी मी काहीही ठेवत नाही.

कलम २. बूटदुरुस्तीची हत्यारे व शिवणयंत्र शेजारच्या लॉकवेल गावच्या चर्मकारांच्या संघास द्यावे. गुडघा मोडून खेळ सुटल्यावर पंचगिरीच्या जोडीला मी हे दुकान टाकले होते. पुढील कलमातल्या सामन्यानंतर हार्कर्स गॅपमधला एकही बूट माझ्याकडे आला नाही. लोक फाटक्या तळाच्या बुटांनी बर्फातून चालले, पण माझ्या दारात आले नाहीत. एवढी चिकाटी त्यांनी खेळात दाखवली असती, तर सामने जिंकले असते.

कलम ३. तो सामना लॉकवेलविरुद्ध होता, अंतिम. गुण बरोबरीत होते. आमचा एमलिन प्रॉसर, म्हणजे नेस्ताचा सख्खा भाऊ, याने लॉकवेलच्या खेळाडूला दोन्ही हातांनी जाळीवर ढकलले. मी शिट्टी वाजवली. लॉकवेलने शिक्षेपोटी मिळालेला फ्री थ्रो बास्केटमध्ये टाकला आणि आम्ही हरलो. पिंजऱ्याचे दार उघडून लोक आत शिरले, त्यांनी मला खाली पाडून तुडवले. एमलिन बाजूला उभा राहून टॉवेलने मान पुसत होता. नेस्ता आत आली, तिने छत्रीने दोघांची डोकी फोडली आणि मला उठवले. भावाला म्हणाली, "तुझं तोंड दाखवू नकोस मला." त्याने कधी दाखवले नाही.

एकतीस वर्षे गाव सांगत राहिले की पंचाने सामना विकला. मागल्या हिवाळ्यात एमलिनची मुलगी ओल्वेन दारात आली. "काका, बाबा जायच्या वाटेवर आहेत. तुम्हाला बोलावलंय. याल ना?"

मी गेलो. खाणीतल्या कोळशाच्या धुळीने त्याची छाती भरली होती. मला वाटले, माफी मागेल.

"ढकललं होतं मी त्याला," तो म्हणाला. "पण ओंद्रा, तू आमचा ना? तू बघायचं नव्हतंस."

"डोळे होते, म्हणून दिसलं."

"घरच्या माणसाला नसतं दिसत."

मी टोपी घालून निघालो. हाच माणूस त्याच आठवड्यात वारला आणि मंडळाने त्याच्या नावाचा फलक करून घेतला: 'विजय ज्याच्या हातून हिरावला गेला'. अनावरणाला मलाही बोलावले. का, ते त्यांनाच ठाऊक. मी शेवटच्या रांगेत बसलो होतो. ओल्वेनला दोन शब्द बोलायला उभे केले. ती म्हणाली, "बाबांनी ढकललं होतं. मी खोलीत होते, त्यांनी स्वतः सांगितलं. काकांनी बरोबर शिट्टी वाजवली." आणि खाली बसली. कोणी टाळी वाजवली नाही. मीही नाही, मी टोपी हातात धरून बसलो होतो.

पुढच्या सोमवारपासून तिच्या बेकरीतला पाव गिऱ्हाइकाविना तसाच शिळा होऊ लागला. या गावाला दुसरे काही सुचत नाही.

कलम ४. पाइन रस्त्यावरील घर, आतील सामान आणि बँकेतील शिल्लक ओल्वेन प्रॉसर हिला बिनशर्त द्यावी. हे बक्षीस नव्हे. खरे बोलण्याला बक्षीस लागत असेल, तर ते न बोललेलेच बरे.

कलम ५. मला नेस्ताशेजारी पुरावे. तिच्या पलीकडे एमलिन आहे, त्याला इलाज नाही. मी प्रामाणिक होतो असे कोणी थडग्याशी म्हणू लागल्यास त्याला थांबवावे. मला ऐकू येत होते तेव्हा कोणी म्हटले नाही.

कलम ६. ओल्वेन, हे तुला. घर विक आणि जा. माझ्यासारखी या लोकांना दाखवून द्यायला इथे राहू नकोस. मी राहून बघितले. ते बघत नाहीत.

सही: ओंद्रेय मि. हाव्रिला
हार्कर्स गॅप, ११ मार्च १९५३

आमच्यासमोर सही केली, सही करणारा शुद्धीवर होता व आम्हांला घाई करत होता:
साक्षीदार १: टडेउश गवरोन्स्की, वकिलाचा कारकून
साक्षीदार २: हेस्टर लुईन, शेजारीण