केइगोचं भूत आणि वरच्या खोलीतलं पोर

ती. सुमिएताईस,

लवून नमस्कार. इकडचा डोंगर लाल झालाय. तुझी कंबर कशी आहे? भावजींचा खोकला गेला का? (गेला नसेल, तर सिगारेटही गेली नसणार.) सगळे धडधाकट असाल असं धरून चालते, कारण पुढचं वाचायला तब्येत लागते.

तुझे चिरंजीव केइगो सिनेमा काढायला आपल्या सराईत आठ दिवस राहून गेले. उगवता दिग्दर्शक म्हणे. उगवतो मात्र सकाळी अकराला, न्याहारीची मिसो आमटी दोनदा गरम करायला लावून. सिनेमा भयपट, आणि त्यातलं भूत कोण, तर आपलं झाशिकी-वाराशी! जे पोर वरच्या कोपऱ्यातल्या खोलीत पिढ्यान्‌पिढ्या राहतं, फार तर पाहुण्याची उशी ओढतं, ज्याची पावलं ऐकू आली की माणसाची भरभराट होते (म्हणून तर लोक वर्षभर आधी ती खोली धरतात आणि त्याच्यासाठी चेंडू ठेवून जातात), त्याच्या तोंडाला या दीडशहाण्याने रक्त लावलं. मी म्हटलं, "अरे, ते खेळतं, चावत नाही." तर मला म्हणतो, "मावशी, तू लोककथा वाचलेल्या नाहीस." मी! सासष्ट वर्षं लोककथेच्या खालच्या मजल्यावर राहतेय!

खरा घात पुढेच. भुताचा सिनेमा म्हटला की आधी पुजारी बोलावून शुद्धी करून घ्यायची, ही त्यांच्या धंद्यातली रीत. ती आपल्या स्टुडिओत करावी ना! याने गावचे कुदो पुजारी इथेच आणले, आणि ते पडले कामाला चोख. कागदी झालरींची काठी हलवत, मीठ टाकत, खोली न्‌ खोली झाडून काढली. कोपऱ्यातली तर केइगोने मुद्दाम दोनदा करून घेतली, कॅमेरा बिघडू नये म्हणून! मी तीस जणांचा भात लावत होते. कळलं तेव्हा सगळं उरकलं होतं. मी आरडाओरडा केला तर पुजारी म्हणाले, "हात्सुएबाई, कोणाला ठेवायचं ते आधी सांगायचं ना!"

तेव्हापासून वर चिडीचूप. परवा त्या खोलीत उतरलेलं सेंदाईचं जोडपं निघताना म्हणालं, झोप छान लागली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ही सराई त्या एका खोलीवर चालते, ताई. नव्या वर्षाला येणाऱ्यांना काय सांगू, भाच्याने हाकलून दिलं म्हणून?

तुझी धाकटी,
हात्सुए

ता. क. : भूत झालेली ती ठेंगणी नटी मोकळी असेल तर महिनाभर पाठव. काम हलकं आहे, पायमोजे घालून वरच्या पडवीत चार फेऱ्या धावायचं. इतकी वर्षं मीच धावत होते, पण केइगोच्या वायरीत पाय अडकून गुडघा गेला. (भावजींना सांगू नकोस.)

पुन्हा ता. क. : नटी राहू दे. वर्षातून एखाददोनदा मी चुलीपाशी असतानाही वर कोणीतरी धावायचं. तेही आता थांबलंय. लहानपणी तू त्या खोलीत एकटीच कोणाशीतरी तासन्‌तास गप्पा मारायचीस, आणि मी आले की गप्प व्हायचीस. तेव्हा मला राग यायचा. आता तूच ये, आणि जिन्यातून एक हाक मार. मी मारून पाहिली, मला ओ देत नाही.