निक्शाचा मुजरा

निक्शा,

चुलीवर मासळीचा रस्सा आहे. तो गिळ आणि चार वाजता बंदरावरच्या खानावळीत ये, मी पुढे जातेय.

त्या राजा-राण्यांच्या मालिकेच्या शूटिंगमध्ये सैनिकाच्या वेशात चर्चसमोरून चालताना तू सवयीने छातीवर क्रूस काढलास, आणि "या राज्यात येशू जन्मलाच नाही, गाढवा!" म्हणत मालिकावाल्यांनी तुला हाकललं. तेव्हापासून घरात तोंड लपवून बसलायस. काल पहिल्या हंगामाचा शेवटचा भाग दाखवला. राजा गादीवर बसतो आणि अख्खं सैन्य तुझ्यासारखाच क्रूस काढून त्याला मुजरा करतं! चोर मेले!

आज खानावळीतल्या टीव्हीवर तो भाग पुन्हा आहे. सगळं गाव तुझी वाट बघतंय. दाढी कर. दारात तस्साच मुजरा केलास तरच आत घेणार म्हणतायत.

तुझी बहीण,
पावित्सा