दुसऱ्या पायाची पट्टी

महाल, नागपूर
९ जुलै १९७४

चि. प्रेमिला हिस मोठेबाबांचे पोटभर आशीर्वाद.

वि. वि. आधी तब्येतीचं लिही. तुझा खोकला गेला का? घरमालकीण हॅरिसबाईंचे गुडघे कसे आहेत? तुझ्या खोलीतल्या आयरीननं दाढ काढली, की अजून लवंगेवरच चाललं आहे? बार्टन सर खोदकामाच्या खड्ड्यात घसरले होते, त्यांची कंबर सरळ झाली का? आणि बाईंचा म्हातारा कुत्रा? तुझी मोठीआई रोज त्याची चौकशी करते. मी म्हटलं, आपल्या दारातल्या कुत्र्याले तू कधी विचारलं नाही वं.

इकडे मोठीआईचे पाय दुखतात, पण तोंड ठणठणीत आहे. तुझ्या बापाचं ब्लडप्रेशर उतरलं, राग मात्र उतरला नाही. कळमेश्वरच्या स्थळाकडून पुन्हा निरोप आला. मी मोठा भाऊ म्हणून रुपरावला जो शब्द दिला तो तुला ठाऊकच आहे: पोरगी दोन वर्षं पुरी करून येईल, आणि मधेच परतली तर तो म्हणेल तिथं लग्न. तेव्हा तुझ्याबरोबर माझीही परीक्षा चालू आहे, बाई.

तुझं पत्र मी हातमागावर बसूनसुद्धा वाचतो. रोमच्या आरमाराचा किल्ला जागेवर आणि समुद्र मात्र त्याला सोडून मैलभर लांब गेला, हे मोठीआईला पटत नाही. समुद्र काय भाडेकरू आहे का, असं तिचं म्हणणं. मी महादेवराव मास्तरांकडून नकाशा आणला. तू लिहिलेला तो सिरियातला शिपाई उन्हातून उठून राज्याच्या पार शेवटच्या टोकाला, त्या धुक्यात पहारा द्यायला गेला, हे बोटानं मोजायलाही वेळ लागला. त्याला तिथं काय खावंसं वाटत असेल, ते सापडलं तर कळव.

सगळ्यांची माया तुझ्यापाशी आहे, ती जपून वापर.
तुझे मोठेबाबा, नानाजी


इंग्लंड
२२ जुलै १९७४

ती. मोठेबाबांना व मोठीआईला प्रेमिलाचा साष्टांग नमस्कार.

वि. वि. बाईंचे गुडघे, आयरीनची दाढ, सरांची कंबर, कुत्रा, सगळं ठीक आहे. मीच ठीक नाही.

किल्ल्याजवळच्या जुन्या धक्क्याच्या चिखलात लोकरीची एक पट्टी सापडली. थंडीत शिपाई पोटरीला गुंडाळत तशी. आपल्या चौकीतले हवालदार पूर्वी बांधायचे ना, अगदी तशीच. सतराशे वर्षं पाण्यात राहूनही वीण स्पष्ट होती. मी विणकराच्या घरची म्हणून सरांनी ती माझ्याच हाती दिली आणि ते पेटी आणायला गावात गेले.

मोठेबाबा, ओलं कापड घडी करून पडलेलं मला बघवलं नाही. आपल्याकडे ओलं सूत असं ठेवलं तर मोठीआई घर डोक्यावर घेते. मी पट्टी हलक्या हातानं उलगडली, तंबूच्या सावलीत स्वच्छ गोणपाटावर पसरली, आणि छान काम केलं म्हणून जरा खूषही झाले. सर येईपर्यंत ती वाळली, आक्रसली, आणि हात लावताच भाजलेल्या पापडासारखी तुटली. पाण्यातून निघालेली वस्तू औषधपाणी होईपर्यंत पाण्यातच ठेवायची, हा इथला पहिला नियम. तो मला पाठ होता. हातांना पाठ नव्हता.

सर ओरडले नाहीत. उद्यापासून खड्ड्यातून निघालेली शिक्क्याची कौलं धुवायला बस, एवढंच म्हणाले. पुढच्या वर्षाची शिष्यवृत्ती त्यांच्याच शिफारशीवर आहे, आणि ती आता मिळणार नाही. बाकीची मुलं मला बघून बोलणं थांबवतात. मला परत यावंसं वाटतं. बाबांना कळवून टाका. कळमेश्वर तर कळमेश्वर.

रागावलात तरी दूर करू नका.
आपली प्रेमिला


महाल, नागपूर
२ ऑगस्ट १९७४

चि. प्रेमिला हिस आशीर्वाद, पहिल्यापेक्षा जास्त.

वि. वि. परत यायचं नाही. हे सुरुवातीलाच लिहितो, म्हणजे पुढचं निवांत वाचशील.

पट्टी गेली, फार वाईट झालं. ते मी गोड करून सांगणार नाही. कोणा बाईनं विणली, कोणा शिपायाच्या पायावर झिजली, इतकी वर्षं चिखलानं सांभाळली आणि आपल्या घरच्या सवयीनं गेली. मोठीआईनं तर सगळा दोष आपल्या अंगावर घेतला आहे. पोरीले मीच शिकवलं, त्या सायबाले म्हणा मले कागद लिही, असं दिवसभर चाललं. तो मराठी शिकेपर्यंत थांबावं लागेल, असं मी म्हटल्यावर तिनं मला चहा दिला नाही.

पण तू उठून आलीस तर त्या खड्ड्यात तुझी ओळख काय राहील? पट्टी मोडली ती मुलगी. तेवढीच. तिथं राहिलीस तर निदान दुसरं काही सांगायला जागा आहे. कौलं धुवायला दिली ना? मग अशी धू, की शिक्का पुसट असला तरी वाचता यावा.

आणि मले एक सांग. शिपायाले पाय दोन. दुसरी पट्टी कुठं आहे? सर मोठे विद्वान, त्यांच्या मनात हे आलंच असेल. तरी तू जाऊन विचार, आणि खोदायला मलाच बसवा म्हणून सांग. नाही म्हणाले तर दुसऱ्या दिवशी पुन्हा विचार.

तुझ्या बापापासून मी काही लपवलं नाही. रुपरावला पत्र पूर्ण वाचून दाखवलं. येऊ दे तिले, एवढं बोलून तो उठला. दारात चप्पल घालता घालता विचारलं, तो चिखल फार थंड राहते का गा?

धीर धर आणि माया पातळ करू नकोस.
तुझे मोठेबाबा


इंग्लंड
१७ सप्टेंबर १९७४

ती. मोठेबाबांना साष्टांग नमस्कार, मोठीआईला चहा देण्याची विनंती.

वि. वि. सरांना विचारलं. ते हसले. त्याच दिवसापासून त्यांच्या डोक्यात दुसरा पाय होता, पण धक्क्याचा तो कोपरा खालून पाण्यानं भरतो. दिवसभर बादल्या उपसाव्या लागतात, म्हणून कोणी तयार नव्हतं. मी मागितला. ते नाही म्हणाले. दुसऱ्या दिवशी पुन्हा मागितला.

गुडघाभर चिखल, बोटं बधिर. आयरीन दुसरी बादली घेऊन उतरली. कितीतरी दिवस नुसता गाळ आणि दोर. हंगाम संपायला आला, खड्डा बुजवायची माती काठावर येऊन पडली, तेव्हा एक जोड्याचा तळ लागला. खिळे ठोकलेला, डाव्या पायाचा, टाच एका बाजूनं झिजलेली. त्याला वीतभर पट्टी चिकटली होती. तीच वीण.

मी हात लावला नाही. आयरीनला सरांकडे पिटाळलं आणि बादलीतून ओंजळीनं त्याच चिखलाचं पाणी पट्टीवर घालत बसले. हात सारखे म्हणत होते, उचल, पसर. मी त्यांना कामाला लावून ठेवलं.

सरांनी ती चिखलासकट पेटीत घेतली. सगळं झाल्यावर म्हणाले, पुढच्या वर्षीही हा कोपरा तुझाच. शिफारस गेली आहे. बाबांना सांगाल ना? आणि हो, चिखल फार थंड राहतो.

आपली लाडकी
प्रेमिला


महाल, नागपूर
१४ ऑक्टोबर १९७४

चि. प्रेमिला हिस घरभरच्यांचे आशीर्वाद.

वि. वि. पत्र रुपरावनं स्वतः वाचलं, उभ्यानं. मग खाली बसून पुन्हा वाचलं. कळमेश्वरवाल्यांना मुलगी शिकत आहे असं कळवतो म्हणाला. ‘आहे’वर जोर दिला, तो मी ऐकला.

दुसऱ्या दिवशी सकाळीच तो आमच्या दारात हजर. थंडी आणि चिखल हे शब्द त्याच्या डोक्यातून जात नव्हते. मी उमरेड रोडच्या धनगराकडून लोकरीचं सूत आणलं. आमच्या मागानं जन्मात लोकर पाहिली नव्हती, त्यानं फार कुरकुर केली. गिरणीत लागल्यापासून तुझ्या बापानं आमच्या मागाला हात लावला नव्हता. परवा तो खाली मांडी घालून धोट्यातल्या सुताच्या कांड्या भरत होता आणि माझा धोटा हळू चालतो म्हणून मलाच बोलत होता.

पार्सल जहाजानं येत आहे. लागेल वेळ, पण पुढच्या हंगामाआधी पोचेल. पट्ट्या आहेत, पोटरीला बांधायच्या. दोन्ही पायांच्या. ओल्या झाल्या तर मोठीआईचा हुकूम आहे, लगेच उलगडून सावलीत वाळव.

मिळाल्या की बांधून बघ, आणि लवकर लिही. तुझा बाप विचारत राहील.

तुझे मोठेबाबा