गार झाल्याशिवाय कापू नये

३ मार्च, सोमवार

ओव्हन रिकामा केला! आतून काय काय निघालं – ज्यांची भांडी केव्हाच गेली अशी झाकणं, तुटक्या दांड्याची चाळणी, पिशव्यांनी भरलेली पिशवी, आणि नवरोबाचा हरवलेला डबा, ज्यावरून घरात महाभारत झालं होतं. घेतल्यापासून तो ओव्हन आमच्याकडे कपाटच होता. सासूबाई दारात उभ्या. "आता हे सगळं कुठे ठेवायचं?" म्हटलं, ठेवायचं नाही आई, टाकायचं. त्यांनी झाकणं उचलली आणि स्वतःच्या खोलीत नेऊन ठेवली.

कारण असं की सकाळी पोहून झाल्यावर तलावावरच्या कॅन्टीनमध्ये चहा घेत होते. कॅन्टीनवाल्या काकू पुड्यातली बिस्किटं बरणीत ओतत होत्या. म्हणाल्या, "पोहून आलेल्या माणसाला भूक लागते गं, आणि मी त्याला हा भुसा देते. घरचं काहीतरी पाहिजे." आणि माझ्या तोंडून निघून गेलं – मी करते! चॉकलेट, अक्रोड आणि ओट्सची स्लाइस! जन्मात केलेली नाही. ट्रेमध्ये भाजून वड्या पाडतात ती, मोबाइलवर बघितली होती फक्त. काकूंनी चष्म्यावरून मला न्याहाळलं. "आण शुक्रवारी. लोकांनी खाल्ली तर दर शुक्रवारी काउंटरवर तुझी जागा."

माझी जागा! दातांच्या दवाखान्यात इतकी वर्षं मी काय करते? "बसा, डॉक्टर बोलावतील" म्हणते. तिथे कुणी हौसेने येत नाही, दुखतं म्हणून येतात. एकदा तरी कुणीतरी माझ्या हातचं काहीतरी मागून घ्यावं. एवढंच हवंय मला. एवढंच म्हणजे फार हवंय!

५ मार्च, बुधवार

पहिला प्रयोग. लोणी आणि मध पातळ केलं, ओट्स, कोको, साखर, अक्रोडाचे तुकडे घातले, ट्रेमध्ये वाटीच्या तळाने दाबून दाबून बसवलं. भाजायला लागलं तसा घरभर वास – काय सांगू! जिन्यावरून जाणारी शेजारीण थबकली म्हणे.

कृतीत स्पष्ट लिहिलं होतं – पूर्ण गार होऊ द्या, वरून चॉकलेट घाला, ते घट्ट झालं की मगच कापा. पण धीर धरेल ती मी कसली! उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग. गरमागरम ट्रेमध्ये सुरी घातली आणि सगळ्याचा भुगा झाला. अक्षरशः भुगा.

नवरोबाने चमच्याने खाल्ला. "छान आहे." त्याचं सगळंच छान असतं. करपलेलं छान, कच्चं छान, मीठ विसरलेलंही छान. आजवर त्याच्या 'छान'चा मला काडीचा उपयोग झालेला नाही.

६ मार्च, गुरुवार

काकूंना म्हटलं, उद्या नाही, पुढच्या शुक्रवारी आणते. म्हणाल्या, "बरं." नुसतंच बरं!

९ मार्च, रविवार

आज भुगा नको म्हणून जास्त वेळ भाजली. फरशी झाली! सुरी आत जाईना. शेवटी नवरोबाने खाली पाट ठेवून वरून बत्ता मारला. "छान. कडक आहे." सासूबाईंनी तुकडा उलटसुलट करून पाहिला. "केक म्हणावा तर फुगत नाही, बिस्किट म्हणावं तर मोडत नाही. ही तुझी फरशी नक्की खायची कशी?" मग चहात बुडवून दोन तुकडे संपवले. तिसऱ्यालाही हात घातलाच होता, मी बघतेय म्हणून मागे घेतला.

११ मार्च, मंगळवार

जमली! जमली! जमली!

कडा जरा तांबूस झाल्या की बाहेर. आणि मग खरी परीक्षा – थांबणं. स्वयंपाकघराला बाहेरून कडी घातली आणि किल्ल्यांचा जुडगा हातात घेऊन उगाच भाजी आणायला निघून गेले. परत आले तर ट्रे थंडगार. वरून वितळलेलं चॉकलेट ओतलं, पुन्हा कडी! संध्याकाळी सुरी फिरवली – आधी चॉकलेटचा टच्‌कन आवाज, मग आतून मऊसर. काठ कसे सरळ! चार तुकडे बशीत मांडून मी नुसती बघत बसले.

नवरोबाने एक तुकडा तोंडात टाकला आणि 'छान' म्हणायलाच विसरला. दुसरा घेतला. सासूबाई म्हणाल्या, "अक्रोड खवट आहेत."

खवट होते खरंच. पुडीतले, सोललेले. किती दिवसांचे कुणास ठाऊक. म्हातारीची जीभ म्हणजे जीभ आहे! "अख्खे आण. आम्ही फोडून देतो," त्या म्हणाल्या. आम्ही! माझ्या कानांवर विश्वास बसेना.

१३ मार्च, गुरुवार

आजची संध्याकाळ कायम लक्षात राहील. नवरोबा अक्रोड दाराच्या बिजागरीच्या फटीत धरून दार लोटायचा – कडाक्! फोडलेला अक्रोड सासूबाईंच्या मांडीवरच्या परातीत. त्या सोलून गर वेगळा करायच्या. मी ओव्हनपाशी. टरफलं घरभर उडाली, एक तर घड्याळावर जाऊन बसलं. सासूबाई त्यांच्या लहानपणच्या एका हावरट मामाच्या गोष्टी सांगत होत्या, मी हसून हसून ओट्यावर डोकं टेकलं. हे घर इतकं गोड आहे हे मला ठाऊकच नव्हतं.

मधूनच त्या म्हणाल्या, "दात कोरून पोट भरत नाही हो, एक ट्रे विकून काय होणार?" म्हणजे शुक्रवारचा विचार त्यांच्याही डोक्यात आहे तर!

ट्रे गार होतोय. मी स्वयंपाकघरात पाऊलही टाकलेलं नाही.

१४ मार्च, शुक्रवार, सकाळ

ट्रे काउंटरवर! काकूंनी स्वतः काचेची पेटी पुसून वरच्या फळीवर ठेवला. मी पोहत होते, पण लक्ष सगळं तिकडे. नाकातोंडात पाणी गेलं. पहिलं गिऱ्हाईक पोहायला शिकवणारे सर. दोन घेतले! डॉक्टरांसाठी कडेचे तुकडे डब्यात घेतलेत. आता दवाखान्यात जाऊन मिरवते.

तोच दिवस, दुपार

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

डॉक्टरांनी तुकडा तोंडात टाकला, डोळे मिटले, "वा, बाई!" म्हणाले. आणि कट्. तोंडातून दोन वस्तू काढून त्यांनी तळहातावर ठेवल्या. एक अक्रोडाच्या टरफलाचा टोकदार कपचा, दुसरी त्यांच्याच दाढेची कॅप. "आता मी कुणाकडे जाऊ?" ते अगदी हळू आवाजात म्हणाले. समोरच्या फुटपाथवर दुसरे दातांचे डॉक्टर आहेत. आमच्या डॉक्टरांनी आजवर त्यांना 'सुतार' सोडून दुसऱ्या नावाने हाक मारलेली नाही.

आणि मग लक्षात आलं. डब्यातले तुकडे त्याच ट्रेमधले! तो ट्रे कॅन्टीनमध्ये! तिथे शाळेतली पोरं येतात!

पळत सुटले. बाहेर बसलेल्या पेशंटने विचारलं, "मी थांबू का?" म्हटलं, बसा!

कॅन्टीनमध्ये रांग लागलेली. माझ्या स्लाइससाठी रांग! जे मागितलं ते समोर उभं होतं, आणि मी दारातून ओरडले – खाऊ नका! सगळे वळले. पुन्हा आलेल्या सरांचा घास तोंडाशी थांबला. मी प्रत्येकाच्या हातातून तुकडा काढून घेतला, पेटी उघडली, ट्रे बाहेर काढला. "आत टरफल आहे," म्हटलं, "माझी चूक आहे." एकजण कुरकुरला, "अहो, मी दोन खाल्ले, काही नव्हतं." काकू काउंटरमागून बघत होत्या. "सगळा नेतेस?" "सगळा." "बरं."

पुन्हा तेच बरं. ट्रे कमरेवर घेऊन ओल्या फरशीवरून बाहेर पडले. रडू येत होतं, आलंच.

१५ मार्च, शनिवार

काही करावंसं वाटत नाही. ओव्हनचं दार उघडून बघितलं. आता परत झाकणं आणून ठेवायची, झालं.

संध्याकाळी सासूबाई माझ्या खोलीत आल्या. तशा त्या येत नाहीत. पलंगाच्या काठावर बसल्या. "मला जवळचं नीट दिसत नाही गं. वर्ष झालं असेल. गर आणि टरफल एकच दिसतं. बोटांनी चाचपून सोलत होते." मी म्हटलं, आई, मग सांगायचं ना! म्हणाल्या, "सांगितलं असतं तर तू मला परात दिली असतीस का?"

त्यांचा हात धरला. किती दिवसांनी धरला.

१७ मार्च, सोमवार

नवरोबा आईला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेला. मोतीबिंदू. दोन्ही डोळे. ऑपरेशनने बरं होण्यासारखं आहे म्हणाले, घाबरायचं कारण नाही. जीव भांड्यात पडला. सासूबाई डॉक्टरांना म्हणाल्या म्हणे, "लवकर करा, सुनेला अक्रोड सोलून द्यायचेत."

आमचे डॉक्टर 'सुतारा'कडून कॅप बसवून आले. गालावरून हात फिरवला. मग म्हणाले, "हात हलका आहे हो त्याचा." आणि रिकामा डबा माझ्या टेबलावर ठेवला. बाकीचे तुकडे त्यांनी एकेक तपासून, दुसऱ्या बाजूने चावून खाल्लेत!

२० मार्च, गुरुवार

पुन्हा केली. का, ते मलाच ठाऊक नाही. काकू घेतील असं मुळीच वाटत नाही. निदान चांगली करून हातात द्यावी, क्षमा मागावी, आणि गप्प आपलं पोहायला जावं. या वेळी गर नवरोबाने दिव्याखाली निवडला, मी निवडला, आणि शेवटी सासूबाईंनी एकेक तुकडा बोटांत चिरडून पाहिला. "आता ह्यात खडा निघाला तर माझं नाव बदल." तिघांत मिळून भांडण एकच झालं – वरून चॉकलेट किती. नवरोबा म्हणाला, "कमी आहे." आजवरची त्याची पहिली तक्रार!

ट्रे गार होतोय. मी झोपते.

२१ मार्च, शुक्रवार

काकूंनी ट्रेकडे पाहिलंच नाही. काउंटरची फळी उचलली आणि म्हणाल्या, "आत ये." महिनाअखेर त्या लेकीकडे कायमच्या चालल्यात. कॅन्टीन कुणाला द्यायचं ते तलाववाल्यांनी त्यांच्यावरच सोडलंय. "चांगलं करणारे पुष्कळ भेटले गं. रांग लागलेली असताना ट्रे उचलून नेणारं कुणी भेटलं नव्हतं. चालवतेस?"

हो म्हटलं. रस्त्यावर आल्यावर लक्षात आलं – घरी कुणाला विचारलंच नाही!