नळाचं पहिलं पाणी

३ ऑगस्ट, रविवार

प्रिय ताईस,

नमस्कार. इकडे सगळे मजेत, तिकडे तुम्ही दोघं मजेत असाल, तब्येतीला जप, जिने सावकाश उतर, भावजींना नमस्कार सांग. झालं. आई माझ्या खुर्चीमागे उभी राहून हे वाचत होती, ती आता कपडे वाळत घालायला गेली. आता खरं पत्र.

फोन का करत नाही म्हणून रागावू नकोस. फोनवर दोन मिनिटांत मी ओरडायला लागतो आणि तिसऱ्या मिनिटाला तू रडतेस. डॉक्टरांनी तुला रडू नको म्हणून सांगितलंय. म्हणून कागद.

"मी पुढच्या महिन्यात येतेय, तोवर घरासाठी पाण्याच्या फिल्टरचा एखादा बरा जग बघून ठेव. नीट काम करणारा हवा आणि उगाच प्लास्टिकचा कचरा करणारा नको. तू काय, त्याच दुकानात आहेस!" असं एका ओळीत लिहून तू मोकळी झालीस. अगं बाई, त्याच दुकानात आहे म्हणून तर वैताग आहे! आमच्या फळीवर अकरा जातींचे जग आहेत. अकराच्या अकरा खोक्यांवर डोंगर, झरा आणि हिरवं पान. अकराही जण म्हणतात, "९९ टक्के अशुद्धी दूर." कसली अशुद्धी? लिहिलेलं नाही. किती लिटरपर्यंत? लिहिलेलं नाही. एकाच्या खोक्यावर "पृथ्वीचा मित्र" असं छापलंय आणि आतलं पाणी गाळायचं कार्ट्रिज प्लास्टिकच्या पिशवीत, ती पिशवी दुसऱ्या पिशवीत, आणि ती थर्माकोलमध्ये. असा मित्र असेल तर शत्रू कशाला हवा!

आमचे मालक जग कसे विकतात ते ऐक. त्यांच्याकडे एक पेन आहे, पाण्यात बुडवलं की आकडा दाखवतं. गिऱ्हाइकासमोर आधी नळाच्या पाण्यात बुडवायचं, मग जगातल्या. आकडा खाली आला की गिऱ्हाईक खलास. मीही गेले सहा महिने तेच करतोय, आणि हात चांगला बसलाय म्हणून मालक खूश आहेत.

तर तीन आठवड्यांपूर्वी माझा हा खेळ ऐन रंगात असताना मागून एक आवाज आला, "हे पेन फक्त विरघळलेले क्षार मोजतं. चिमूटभर मीठ टाका, ते पाणी वाईट म्हणेल. शिसं टाका, हूं की चूं करणार नाही."

वळून बघतो तर पांढरा कोट, खांद्याला पिशवी, कपाळावर आठी. पलीकडच्या रस्त्यावर पाणी तपासायची प्रयोगशाळा आहे, तिथली. माझं डोकं फिरलं. म्हटलं, "तुम्हाला घ्यायचा नसेल तर बाजूला व्हा, मागे रांग आहे."

"रांगेलाच सांगतेय मी," ती म्हणाली. "आधी पाण्यात काय आहे ते तपासा, मग फिल्टर घ्या. दुखतंय कुठे ते न विचारता औषध देता का कोणाला?"

रांग पांगली. मालकांनी माझ्याकडे असं बघितलं की जणू मीच तिला आमंत्रण देऊन बोलावलं होतं.

दुसऱ्या दिवशी मी आपल्या स्वयंपाकघरातल्या नळाचं पाणी घेऊन तिच्या खिडकीवर गेलो. तिचा पोपट करायचा म्हणूनच गेलो होतो, खरं सांगतो. तिने बाटली उजेडात धरली, हुंगली आणि परत दिली. "ही सरबताची बाटली आहे. आमची न्या. रात्रभर नळ वापरू नका, आणि सकाळी उठल्याउठल्या पहिल्या धारेचं पाणी भरा." आणि मग हसली, ताई. एका बाजूने. हसू गालापर्यंत नाही, नुसतं ओठापुरतं.

त्यानंतर मी सात नमुने दिले. स्वयंपाकघराचा नळ, न्हाणीघराचा, मागच्या दारचा, दुकानाचा, शेजारच्या शिंपीकाकांचा, आणि दोन कुठले ते आता आठवतही नाहीत. सातव्या वेळी ती म्हणाली, "तुमच्याकडे नळ संपले की काय करणार आहात?" मी म्हटलं, "विहीर खणेन." यावर ती हसली नाही. माझं नशीब! मी तिला मनात तपासनीस म्हणतो. काय शिकता, असं तिने विचारलं तेव्हा मी म्हटलं, रसायनशास्त्र, तिसरं वर्ष. ओरडू नकोस. दुसऱ्या वर्षी प्रयोगाची काचेची ब्युरेट कोणी फोडली यावरून सरांशी भांडून कॉलेज सोडलं, हे काय खिडकीत उभं राहून सांगायचं असतं?

जगाचं म्हणशील तर अजून निवडलेला नाही. बाबा आणि मी सध्या बोलत नाही. कारण विशेष काही नाही, जगावरूनच. ते म्हणाले, "तीस वर्षं लोकांच्या घरात पाणी खेळवलं मी, आणि आता माझ्याच हातच्या नळाखाली चाळणी धरणार?" मी काहीतरी बोललो. त्यांनी ताट सरकवलं. नेहमीचंच.

आपल्या पाण्याचा रिपोर्ट आलाय. त्याबद्दल सावकाशीने लिहीन.

आणि ऐक, येण्याचं तिकीट एवढ्यात काढू नकोस. गर्दी असते.

तुझा धाकटा

---

१६ ऑगस्ट, शनिवार

ताई,

तुझं पत्र मिळालं. सबंध कागदावर एकच ओळ, "गर्दी कधीपासून बघायला लागलास, काय लपवतोयस?" तू शाळेत मास्तरीण व्हायला हवी होतीस.

सांगतो. पूर्ण वाच, मध्येच उठू नकोस, आणि भावजी घरी असताना वाच.

आपल्या स्वयंपाकघरातल्या पाण्यात शिसं निघालं. जेवढं चालतं त्याच्या दुपटीहून थोडं जास्त. तपासनीस कागद हातात घेऊन खिडकीमागून बाहेर आली, तेव्हाच मला कळलं, कारण एरवी ती खिडकी सोडत नाही. तिने विचारलं, घर कधीचं, पाइप कसले? मी सांगितलं, तांब्याचे, सांध्यांना शिशाचा डाग दिलेला, म्हणजे शिसं वितळवून जोड पक्के केलेले, घर बांधलं तेव्हा बाबांनी स्वतः जोडलेले. त्या काळी सगळेच तसा डाग द्यायचे, यात तुमच्या वडिलांचं काही चुकलं नाही, असं ती दोनदा म्हणाली. पाणी उकळून प्यायचं का, असं मी विचारलं. ती म्हणाली, उकळून शिसं जात नाही, उलट पाणी आटतं आणि शिसं तेवढंच राहतं.

आता मी घरी येऊन हे कसं सांगायला हवं होतं? शांतपणे, बाबांना बसवून, हो ना? मी रिपोर्ट त्यांच्या ताटाशेजारी आपटला आणि म्हणालो, "तुमची कारागिरी." तेवढंच. ताट सरकवलं ते तेव्हा.

बाबा नऊ दिवस बोलले नाहीत. दहाव्या दिवशी मी खिडकीवर गेलो तर तपासनीस कधी नव्हे ते खळखळून हसत होती. म्हणाली, "काल एकाने नमुना आणला. बाटलीच्या आट्यांवर पांढरी टेप गुंडाळलेली, सात वेढे, वर झाकण असं आवळलेलं की आम्हाला ते पकडीने उघडावं लागलं."

मला हसू आलं नाही. गळू नये म्हणून बाटलीच्या तोंडालाही प्लंबरची टेफ्लॉन टेप गुंडाळणारा माणूस या गावात एकच आहे. मला रिपोर्ट आपटताना बघून बाबांनी, कोणाला न सांगता, स्वतः बाटली आणली होती, भरली होती आणि इस्त्रीचा शर्ट घालून नेऊन दिली होती.

त्यांचा रिपोर्ट आला. शिसं जवळजवळ नाहीच. संध्याकाळी माझ्या ताटाखाली घडी घालून ठेवलेला सापडला. आई म्हणाली, "दोघं मिळून मला वेड लावा एकदाचं. एकाच नळाचे दोन कागद!"

मी दोन्ही कागद घेऊन तणतणत प्रयोगशाळेत गेलो. तपासनिसाने ते शेजारी शेजारी ठेवले आणि एकच प्रश्न विचारला, "वडिलांनी भरण्याआधी नळ किती वेळ सोडला होता?"

घरी आलो. इतक्या दिवसांनंतरचं आमचं पहिलं बोलणं ते. "बाबा, बाटली भरायच्या आधी नळ सोडला होता?"

"मग? दहा मिनिटं," ते म्हणाले. "लाइन धुतल्याशिवाय पाणी तपासतं का कोणी? माझ्या उस्तादांचा नियम आहे. रात्रभर पाइपात उभं राहिलेलं पाणी आधी पायरीला, मग माणसाला. रोज सकाळी बादलीभर ओततच होतो की मी, तुम्ही पोरं उठायच्या आधी. इतकी वर्षं. ते तर..."

आम्ही दोघांनी एकदमच नळाच्या वर बघितलं.

ताई, तिथे काय आहे ते तुला माहीत आहे. माझी पाटी.

कॉलेजच्या पहिल्या वर्षी मला पर्यावरणाचं वारं लागलं होतं, आठवतं? मी हिरव्या रंगात पुठ्ठ्यावर लिहिलं होतं, "थेंब वाचवा. पाणी ओतणारा गुन्हेगार." आणि नुसती पाटी लावून थांबलो नव्हतो. बाबा पहाटे बादली घेऊन मागच्या पायरीवर ओतत होते, तिथे जाऊन, शिंपीकाकांच्या देखत, मी त्यांना अक्कल शिकवली होती. अख्ख्या जगात पाणी कमी होतंय आणि तुम्ही दगड धुताय! बाबांनी बादली खाली ठेवली. "बरं," म्हणाले, "शिकलेला पोरगा सांगतोय." त्या दिवसापासून ती बादली बंद.

त्याला तीन वर्षं झाली. तीन वर्षं आई त्याच पहिल्या धारेवर चहा ठेवतेय. आणि शिकलेला पोरगा शिकलासुद्धा नाही.

ही पाटी तुला सांगणं माझ्या जिवावर आलं होतं. पण त्याहून वाईट गोष्ट पुढे आहे.

मे महिन्यात तू आठ दिवस आली होतीस. घरात सगळ्यांत आधी तू उठायचीस. डॉक्टरांनी पाणी भरपूर पी म्हणून सांगितलं होतं, म्हणून तोंड धुतल्याबरोबर त्याच नळाखाली भांडं धरायचीस, एक प्यायचीस, दुसरं भरायचीस. एकदा मी चुकून लवकर उठलो होतो. तू पाटीला सलाम ठोकलास आणि म्हणालीस, "साहेब, एक थेंब सांडला नाही हं."

ते दोन कागद शेजारी ठेवल्यापासून मला फक्त हेच वाक्य ऐकू येतंय.

आता नीट ऐक. तपासनीस म्हणाली, आठ दिवसांचं पाणी आहे, घाबरून जायचं कारण नाही, पण डॉक्टरांना स्पष्ट सांगायचं आणि रक्तातलं शिसं तपासून घ्यायचं. पोटात बाळ आहे, म्हणजे नंतर बघू म्हणायचं नाही. पत्र मिळालं की दुसऱ्याच दिवशी जा. भावजींना बरोबर ने. आईचं आणि आमचं रक्त परवाच देऊन आलोय. सुई बघून बाबांनी डोळे मिटले, तीस वर्षं पाइप कापलेल्या माणसाने!

जग निवडलाय. अकरापैकी एकही नाही, बाहेरून मागवला. भांडं काचेचं. खोक्यावर सरळ लिहिलंय की हा शिसं काढतो, इतक्या लिटरपर्यंत काढतो, आणि कोणत्या बाहेरच्या प्रयोगशाळेने ते तपासलं. कार्ट्रिजचं कवच तेच राहतं, आतला मसाला तेवढा बदलायचा आणि जुना कंपनी परत घेते. तरी माझा विश्वास नव्हता, म्हणून आपल्या नळाची पहिली धार त्यात ओतली आणि गाळलेलं पाणी तपासायला दिलं. शिसं सापडलं नाही. फक्त गळतो फार सावकाश. बाबा म्हणाले, "याच्यापेक्षा माझा बिघडलेला नळ बरा, भरभर तरी गळायचा." ते विनोद करतात, म्हणजे तू समज.

त्या नमुन्याबरोबर मी तपासनिसाला सांगून टाकलं की मी तिसऱ्या वर्षाला नाही, कुठल्याच वर्षाला नाही. ती लेबल चिकटवत म्हणाली, "माहीत होतं. तिसऱ्या वर्षाचा मुलगा सरबताची बाटली आणत नाही." मग जरा वेळाने, "दुसऱ्या वर्षाला पुन्हा बसता येतं. जूनमध्ये फॉर्म निघतात." मी म्हटलं, ते सर अजून तिथेच आहेत. ती म्हणाली, "मग ब्युरेट भरून द्या त्यांना." माझा राग कुठे गेला ते मलाच कळलं नाही. बाकी काही विचारू नकोस, सांगण्यासारखं काही नाही. मी वेडा झालोय, एवढंच आहे.

दुकानात मी ते पेन वापरणं बंद केलंय. मालकांनी येत्या गुरुवारपर्यंत विचार कर म्हणून सांगितलंय. मी आजच करून ठेवलाय.

त्या दोन कागदांच्या रात्री बाबांनी मला एकदाही बोल लावला नाही. "मी सांगत होतो" असंसुद्धा नाही. म्हणाले असते तर मी भांडलो तरी असतो! सकाळी त्यांनी पान्यांची पेटी ओढली आणि हाक मारली, "ये, धर." तेव्हापासून स्वयंपाकघराची सगळी लाइन उखडणं चाललंय. स्वतःच्या हातांनी जोडलेला एकेक सांधा ते कापतात, तुकडा क्षणभर तळहातावर तोलतात आणि माझ्याकडे देतात. मी घेतो. माफी मागायला तीनदा तोंड उघडलं. तिन्ही वेळा ते म्हणाले, "अठराचा पाना दे."

पाटी काढायला गेलो तर ती जागेवर नव्हती. बाबांनी उलटी करून मागच्या दाराला लावली होती. मागच्या कोऱ्या बाजूवर शिसपेन्सिलीने, त्यांच्या त्या तिरक्या अक्षरात, लिहिलंय, "आधी पायरी, मग माणूस."

नवी लाइन पूर्ण होऊन पाणी दोनदा तपासून झालं की मी तार केल्यासारखं एका ओळीत कळवीन. तेव्हाच तिकीट काढ. आणि तुझ्या रक्ताचा कागद आला की आधी मला कळव, मग आईला. चांगला असो वा नसो, आधी मला.

तोवर रोज पहाटे, सगळ्यांच्या आधी उठून, मागच्या दारच्या नळाची, तुझ्या नावाची एक बादली मी पायरीवर ओततोय.

तुझा,
पाटी लिहिणारा